अवघड सूर, अवघड ग्रंथ आणि काळजीचे दिवस

(सातारा व सांगली जिल्ह्यांतील शिक्षक, ग्रंथालय कार्यकर्ते आणि पंचायत सदस्य यांच्यासमोर दिलेल्या व्याख्यानाचा मजकूर)

ऑगस्ट २०१९ मध्ये कृष्णेला आलेल्या महापुराची आठवण या दोन्ही जिल्ह्यांत अद्याप ताजी आहे. सांगलीच्या आयर्विन पुलाजवळ नदीची धोक्याची पातळी ४५ फुटांची मानली जाते. त्या वर्षी पाणी ५७ फुटांपर्यंत चढले. घरे, दुकाने, गोठे पाण्याखाली गेले. सांगलीच्या जुन्या नगर वाचनालयातही पाणी शिरले आणि तेथील हजारो ग्रंथ भिजून गेले. पाणी ओसरल्यावर चिखलाने माखलेले, फुगलेले, पानाला पान चिकटलेले ग्रंथ बाहेर काढण्याची वेळ कार्यकर्त्यांवर आली. पुढच्याच वर्षी कोरोनाची साथ आली आणि मार्च २०२० पासून कित्येक महिने राज्यातील ग्रंथालयांची दारे बंद राहिली. २०२१ च्या जुलैत पुन्हा पूर आला.

अशा प्रसंगी एक प्रश्न हमखास विचारला जातो. घरात पाणी शिरले असता, आप्त रुग्णालयात असता, रोजगाराची शाश्वती नसता, ग्रंथ कसले आणि गाणे कसले? त्यातही शास्त्रीय संगीत किंवा गंभीर ग्रंथ म्हणजे स्वास्थ्य असलेल्यांची चैन, असा एक समज रूढ आहे. मन रमवायचेच असेल तर काही हलकेफुलके पाहावे, वाचावे. डोक्याला ताण देणाऱ्या गोष्टी सुखाच्या दिवसांसाठी ठेवाव्यात, असे सुजाण माणसेही म्हणतात.

या समजाची परीक्षा करण्यासाठी दूर जाण्याचे कारण नाही. कृष्णाकाठचा गेल्या दीड-पावणेदोनशे वर्षांचा इतिहास त्यासाठी पुरेसा आहे. या भागात अवघड संगीत आणि अवघड ग्रंथ यांची जी परंपरा रुजली, तिचा बराचसा भाग संकटाच्या आणि अस्थिरतेच्याच काळात रुजला, असे हा इतिहास सांगतो.

शिकलगारांच्या हातचा तंबोरा

मिरजेची तंतुवाद्ये आज देशभर आणि परदेशातही जातात. २०२४ मध्ये मिरजेच्या सतारीला आणि तंबोऱ्याला भौगोलिक मानांकन मिळाले. या व्यवसायाचा आरंभ मात्र एका व्यवसायाच्या अंतातून झाला. एकोणिसाव्या शतकात इंग्रजी अंमल स्थिरावला, संस्थानांच्या फौजा नाममात्र उरल्या आणि हत्यारांना धार लावणाऱ्या शिकलगार कारागिरांचे काम बसले. पिढीजात कसब हाती होते, पण त्याला गिऱ्हाईक उरले नव्हते. याच कारागिरांपैकी फरीदसाहेब यांनी शतकाच्या मध्यास मिरजेत तंबोरे व सतारी घडविण्यास सुरुवात केली. संस्थानिकांनी आश्रय दिला आणि गवयांनी दाद दिली.

हा पालट सोपा नव्हता. तलवारीची धार डोळ्यांना दिसते आणि बोटाला कळते. तंबोऱ्याचा नाद केवळ कानाला कळतो. सोलापूर जिल्ह्यातून येणारा भोपळा निवडणे, तो वाळवणे, लाकूड कोरणे ही सारी कामे झाल्यावरही खरी कसोटी उरते ती जवारीची. घोडीचा पृष्ठभाग घासून घासून असा करावयाचा की, तारेखाली दोरा योग्य जागी सरकवताच नाद खुलावा. हे काम मापाने होत नाही. ऐकत ऐकत, पुन्हा घासत ते करावे लागते. ज्यांच्या पोटाचा व्यवसाय नुकताच गेला होता त्यांनी आपले कान नव्याने घडविले, ही गोष्ट आजच्या बेरोजगार तरुणानेही लक्षात ठेवण्यासारखी आहे.

१८७२ साली जन्मलेले दोन गायक

मिरजेच्या संगीतपरंपरेत दोन नावे अग्रभागी येतात. दोघांचाही जन्म १८७२ सालचा. पंडित विष्णु दिगंबर पलुसकर जवळच्या कुरुंदवाडचे, तर उस्ताद अब्दुल करीम खाँ उत्तरेतील कैरान्याचे. दोघांनाही मिरजेशी जोडणारा दुवा आपत्तीचा आहे.

बालपणी फटाक्याच्या अपघातात पलुसकरांची दृष्टी जवळजवळ गेली. उपचारांसाठी त्यांना मिरजेस आणण्यात आले. डोळे पूर्ववत होण्याची आशा उरली नाही आणि शालेय शिक्षणाची वाट बंद झाली. तेव्हा संस्थानाच्या आश्रयाने त्यांना पंडित बाळकृष्णबुवा इचलकरंजीकर यांच्या हाती सोपविण्यात आले. बाळकृष्णबुवा हे ग्वाल्हेरची ख्यालगायकी परिश्रमाने शिकून महाराष्ट्रात आणणारे गुरू. त्यांच्याकडे पलुसकरांनी कित्येक वर्षे कठोर मेहनत केली. वाचता न येणाऱ्या मुलाला एखादे सोपे, पोटापुरते गाणे शिकवून मोकळे करता आले असते. त्याला त्या काळातील अत्यंत बिकट विद्या देण्यात आली. पुढे ५ मे १९०१ रोजी लाहोर येथे पलुसकरांनी गांधर्व महाविद्यालय स्थापन केले. दरबाराच्या आणि घराण्याच्या चौकटीत राहिलेली विद्या सामान्य गृहस्थांच्या मुलांपर्यंत नेण्याचे कार्य तेथून सुरू झाले. १९३१ मध्ये मिरजेतच त्यांचे निधन झाले.

अब्दुल करीम खाँ यांची हकीकत प्लेगच्या काळातील आहे. १८९६ पासून प्लेगने मुंबई इलाख्यात थैमान घातले होते. गावे ओस पडत होती आणि लोक माळरानावर झोपड्या बांधून राहत होते. या काळात खाँसाहेब मिरजेस आले, त्यांना प्लेगने गाठले, मीरासाहेबांच्या दर्ग्यात त्यांनी गायनसेवा केली आणि ते बरे झाले, अशी कथा परंपरेने सांगितली जाते. १९३७ मध्ये दक्षिणेत प्रवासात असताना त्यांचे निधन झाले. देह मिरजेस आणून दर्ग्याच्या आवारातच दफन करण्यात आला. उरुसाच्या वेळी तेथे त्यांच्या स्मरणार्थ संगीतसभा भरते.

गाण्याने प्लेग बरा होतो, असा अर्थ या कथेतून कोणी काढू नये. त्याच मिरजेत १८९४ मध्ये डॉ. विल्यम वॉनलेस यांचे रुग्णालय उभे राहिले होते आणि दूरदूरचे रुग्ण तेथे येत होते. रोगावर औषध, पुरावर बांध आणि भुकेवर अन्न हाच उपाय होय. परंतु औषधोपचार चालू असताना, पाणी ओसरण्याची वाट पाहत असताना, मनाचे काय करावयाचे हा प्रश्न शिल्लक राहतो. दर्ग्याच्या कथेचे मोल त्या प्रश्नाच्या संदर्भात आहे.

चिंतेच्या वेळी अवघड गाणेच का?

चिंताग्रस्त मनाचे लक्षण असे की ते एका जागी थांबत नाही. तीच बातमी पुन्हा ऐकावी, भ्रमणध्वनी पुन्हा पाहावा, तोच हिशेब पुन्हा मांडावा, असे त्याचे चालते. हलके मनोरंजन या मनाला घटकाभर विसावा देते आणि त्याला कमी लेखण्याचे कारण नाही. मात्र ते ऐकणाऱ्याकडून काही मागत नाही. त्यामुळे गाणे चालू असतानाही आत चिंता चालू राहू शकते.

विलंबित ख्यालाचे तसे नाही. बारा मात्रांच्या विलंबित एकतालाचे एक आवर्तन कधी कधी पाऊण मिनिटाहून अधिक चालते. गायक षड्जापासून एकेक स्वर उलगडत वर जातो आणि आवर्तन संपता संपता समेवर येतो. श्रोत्याला सम कळू लागली की तो तिची वाट पाहू लागतो. ही वाट पाहण्यात त्याचे चित्त गुंतते. आरंभी दहा मिनिटांत कंटाळा येतो. पण कोणी शेजारी बसून हाताने मात्रा दाखविल्या, "आता सम येईल" असे सांगितले, तर तोच श्रोता अर्धा तास बसतो. खाँसाहेबांच्या किराणा गायकीतील संथ आलापी याच कारणाने अवघड वाटते आणि याच कारणाने उद्विग्न मनाला धरून ठेवते.

शासकीय सेवेतील वाचकांसाठी येथे आणखी एका व्यक्तीचा उल्लेख करणे उचित ठरेल. नाटककार गोविंद बल्लाळ देवल यांचे बंधू कृष्णाजी बल्लाळ देवल हे डेप्युटी कलेक्टरच्या पदावरून निवृत्त झालेले गृहस्थ. आयुष्य दप्तरात आणि जमाबंदीत गेलेल्या या अधिकाऱ्याने निवृत्तीनंतर भारतीय संगीतातील बावीस श्रुतींचा प्रश्न हाती घेतला. प्रत्यक्ष गायनासाठी अब्दुल करीम खाँ यांचे साहाय्य घेऊन स्वरांतरे मोजली आणि १९१० मध्ये त्यावर ग्रंथ प्रसिद्ध केला. १९११ मध्ये ई. क्लेमेंट्स या मुलकी सेवेतील न्यायाधीशासमवेत त्यांनी सातारा येथे 'फिलहार्मॉनिक सोसायटी ऑफ वेस्टर्न इंडिया' ही संस्था स्थापन केली. त्यांचे निष्कर्ष सर्वांना मान्य झाले नाहीत; १९१६ च्या बडोदे येथील संगीत परिषदेत त्यांवर कडाडून वाद झाला. तथापि प्लेगच्या लाटा येत-जात असता सातारा-सांगलीतील एक निवृत्त अधिकारी स्वराच्या सूक्ष्म अंतरांचा हिशेब मांडीत होता, याचे महत्त्व त्या वादाने कमी होत नाही.

बराकीतील वर्ग

ग्रंथांच्या बाबतीतही असाच अनुभव आढळतो. १९३२ च्या आंदोलनात कऱ्हाडच्या टिळक हायस्कूलमधील एका विद्यार्थ्याला अठरा महिन्यांची शिक्षा झाली. देवराष्ट्रे येथे जन्मलेले यशवंतराव चव्हाण तेव्हा एकोणीस वर्षांचेही नव्हते. मॅट्रिकची परीक्षा राहिली होती, घरची स्थिती ओढग्रस्तीची होती आणि पुढे काय, हा प्रश्न समोर उभा होता. येरवड्याच्या तुरुंगात मात्र बराकीचीच शाळा झाली. आचार्य भागवत यांच्यासारखे विद्वान तेथे बंदिवान होते. त्यांनी तरुणांना कालिदासाची ओळख करून दिली. समाजवाद, मार्क्सचे विचार, गांधीविचार यांवर चर्चा झडू लागल्या. खेड्यातून आलेल्या मुलाला हे सारे प्रथमदर्शनी पेलणारे नव्हते. 'कृष्णाकाठ' या १९८४ मध्ये प्रसिद्ध झालेल्या आत्मचरित्रात यशवंतरावांनी या दिवसांविषयी कृतज्ञतेने लिहिले आहे.

त्याच वर्षी धुळ्याच्या तुरुंगात विनोबा भावे दर रविवारी गीतेवर बोलत होते. २१ फेब्रुवारी ते १९ जून १९३२ या काळात अठरा प्रवचने झाली आणि साने गुरुजींनी ती लिहून घेतली. त्याहीपूर्वी लोकमान्य टिळकांनी १९१० च्या अखेरीपासून १९११ च्या वसंतापर्यंत मंडालेच्या एकांतात 'गीतारहस्य' लिहून काढले होते. टिळकांचे उदाहरण एकट्या विद्वानाचे आहे. येरवडा आणि धुळे येथील उदाहरणे मात्र सामान्य माणसाला अधिक जवळची आहेत, कारण तेथे ग्रंथ सोबतीने वाचला गेला. कोणी सांगणारा होता, कोणी लिहून घेणारा होता, आणि न कळलेले विचारण्यास संकोच नव्हता.

बाहेरच्या जगातही याचे दाखले आहेत. ९ ऑगस्ट १९४२ रोजी, ज्या दिवशी मुंबईत राष्ट्रीय नेत्यांची धरपकड झाली, त्याच दिवशी वेढ्यात सापडलेल्या लेनिनग्राड शहरात शोस्ताकोविच यांची सातवी सिंफनी वाजविण्यात आली. आकाशवाणीच्या वाद्यवृंदातील कित्येक वादक उपासमारीने मरण पावले होते. उरलेल्यांना आणि सैन्यातून बोलावलेल्या वादकांना एकत्र करून कार्ल एलियासबर्ग यांनी ही तासाभराहून अधिक चालणारी, वाजविण्यास आणि ऐकण्यास कष्टाची रचना उभी केली. ती ध्वनिक्षेपकांवरून शहरभर ऐकविली गेली. सोपी धून वाजविणे त्या वादकांना सहज शक्य होते.

पोथी लावण्याची रीत

सोबतीने वाचण्याची ही पद्धत आपल्या खेड्यांना नवीन नाही. चातुर्मासात देवळात पोथी लावण्याची रीत पिढ्यान्‌पिढ्या चालत आली आहे. एकाने वाचावे, दुसऱ्याने अर्थ सांगावा आणि इतरांनी ऐकावे, अशी ती रचना. १२९० च्या सुमारास सिद्ध झालेली ज्ञानेश्वरी हा सोपा ग्रंथ नाही. आज पदवीधरालाही तिची भाषा अडते. तरीही अक्षरओळख नसलेल्या असंख्य स्त्री-पुरुषांनी ती ऐकली, कारण ती त्यांच्यापुढे एकदम टाकली गेली नाही. रोज थोड्या ओव्या, त्यावर बोलणे, आणि उद्या पुन्हा तेथूनच पुढे. चातुर्मास हाच शेतकऱ्याच्या काळजीचा काळ असतो. पाऊस वेळेवर पडेल का, पेरणी साधेल का, नदी पात्रात राहील का, या घोरात असलेली माणसे संध्याकाळी देवळात येऊन बसत.

या रीतीतून मिळणारा व्यवहारी धडा असा की, मन थकलेले असता वाचनाची मात्रा कमी करावी, पण ग्रंथ हलका निवडण्याची घाई करू नये. वीस पाने जमत नसतील तर दोन वाचावीत, आणि एकट्याने जमत नसेल तर चौघांत वाचावे.

वाई आणि भिलार

येरवड्याच्या बराकीत कालिदास ऐकलेला तरुण १९६० मध्ये महाराष्ट्राचा पहिला मुख्यमंत्री झाला. त्याच वर्षी राज्याचे साहित्य आणि संस्कृती मंडळ स्थापन झाले व वाईचे तर्कतीर्थ लक्ष्मणशास्त्री जोशी त्याचे अध्यक्ष झाले. मराठी विश्वकोशाचे कार्य वाईसारख्या छोट्या गावी उभे राहिले. पहिला खंड १९७६ मध्ये आणि विसावा २०१५ मध्ये प्रसिद्ध झाला. चार दशकांच्या या काळात अवर्षणे, भूकंप, पूर सारे काही झाले. नोंदी लिहिणे, तपासणे आणि पुन्हा लिहिणे चालू राहिले. आज हा विश्वकोश संगणकावर आणि भ्रमणध्वनीवर विनामूल्य वाचता येतो. मराठी शाळेतील शिक्षकाने रोज एक नोंद वर्गात वाचून दाखवावी, इतके तरी सहज होण्यासारखे आहे.

वाईहून पाचगणीचा घाट चढून गेले की काही अंतरावर भिलार लागते. ४ मे २०१७ रोजी या स्ट्रॉबेरी पिकविणाऱ्या गावी 'पुस्तकांचे गाव' हा राज्य शासनाचा उपक्रम सुरू झाला. वेल्समधील हे-ऑन-वाय या गावाची प्रेरणा त्यामागे होती. ग्रामस्थांनी आपल्या घरांतील खोल्या आणि पडव्या पुस्तकांसाठी मोकळ्या केल्या. ग्रंथ लोकांच्या घरात राहू शकतात, हे भिलारने दाखविले आहे.

काय करता येईल?

या साऱ्या अनुभवातून काही कामे सहज सुचतात. त्यांपैकी बहुतेकांना स्वतंत्र निधीची गरज नाही.

पहिले काम रक्षणाचे. पावसाळ्यापूर्वी नदीकाठची ग्रामपंचायत आपले दप्तर उंच जागी हलविते. गावच्या वाचनालयातील दुर्मीळ ग्रंथ आणि दाखलनोंदवह्या यांचा समावेश त्याच यादीत व्हावा. खालच्या फळ्यांवर सहज पुन्हा मिळणारी पुस्तके ठेवावीत आणि जुने ग्रंथ वर ठेवावेत. २०१९ मधील नुकसान पाहिलेल्यांना याचे कारण सांगावे लागणार नाही.

दुसरे काम दार उघडे ठेवण्याचे. काटकसरीची वेळ आली की वाचनालयाची वेळ आणि नियतकालिके प्रथम कमी केली जातात. १९६७ च्या सार्वजनिक ग्रंथालय अधिनियमामुळे राज्यात ग्रंथालयांना मान्यता व अनुदानाची चौकट लाभली. पण संध्याकाळी दिवा लावून बसणारा माणूस गावानेच जपावा लागतो. संकटकाळात आरोग्याच्या नियमांमुळे दार बंद ठेवणे भाग पडले, तर पुस्तके घरपोच देण्याची तजवीज पंचायत आणि शिक्षक मिळून करू शकतात. पूरग्रस्तांचे निवारा केंद्र बहुधा शाळेतच असते. तेथे मुलांना रोज तासभर एखादे चांगले पुस्तक मोठ्याने वाचून दाखविणारा शिक्षक त्यांच्या पालकांचाही भार हलका करतो.

तिसरे काम सोबतीचे. आठवड्यातून एकदा, ठरलेल्या वेळी, एकच ग्रंथ घेऊन दहा-बारा माणसांनी बसावे. प्रमुख पाहुणे, हारतुरे आणि प्रास्ताविक यांची आवश्यकता नाही. त्याचप्रमाणे महिन्यातून एकदा एकच राग ऐकावा. आकाशवाणीवरील संगीतसभा किंवा जुनी ध्वनिमुद्रणे त्यास पुरेशी आहेत. मात्रा दाखविणारा आणि सम सांगणारा एक जाणता माणूस मात्र हवा. मिरजेच्या आसपास असा माणूस मिळणे कठीण जाऊ नये.

एका गोष्टीचे भान ठेवावे लागेल. दुःखात असलेल्या माणसावर ग्रंथ किंवा गाणे लादता येत नाही. ज्याच्या घरातील चिखल अजून निघाला नाही, त्याला प्रथम मदतीचा हात हवा. बैठकीचे दार उघडे आहे एवढे त्याला ठाऊक असावे; तो आपल्या वेळेने येईल. आला आणि त्याला काही कळले नाही, तरी त्याने निमूट बसून राहण्यास कोणाची हरकत असू नये. येरवड्याच्या बराकीत पहिल्या दिवशी सर्वांनाच सारे कळले असेल, असे मानण्याचे कारण नाही.

पुढील पावसाळा येईल, कृष्णेचे पाणी पुन्हा वाढेल आणि आयर्विन पुलाजवळची पातळी तासातासाला विचारली जाईल. त्या रात्री गावातील कोणी जागत बसेल. त्याच्या जवळ दोन पाने वाचण्याजोगा एखादा ग्रंथ, ऐकण्याजोगा एखादा राग आणि दोन्हींविषयी बोलण्यास एखादा सोबती असावा, यासाठी तयारी कोरड्या दिवसांतच करावी लागेल. शिक्षक, ग्रंथपाल आणि पंचायत सदस्य यांनी ती या वर्षीपासून हाती घ्यावी.